शिरूरला रेल्वे नाही!

दौंड म्हणजे रेल्वेचं गाव. पुण्याहून मनमाडकडे जाणाऱ्या गाडीचं इंजिन इथं काढून मागच्या टोकाला जोडायचे. त्याच कामात आमच्या अण्णांची हयात गेली. "रेल्वे नाही त्या गावाला जायचं कशाला?" हा त्यांचा हेका. ताईला शिरूरला दिली, पण तीन वर्षं अण्णा लेकीच्या दारी गेले नाहीत.

नात झाली तेव्हा कुठं एस.टी.त बसले. न्हावऱ्याला हिरवा रुमाल हलवून त्यांनी ड्रायव्हरला सिग्नल दिला! आम्ही माना खाली घातल्या.

निघताना घोड नदीकाठी ताई म्हणाली, "अण्णा, हे पाणी भीमेला मिळून दौंडलाच येतं." अण्णा गप्प झाले.

आता रोज संध्याकाळी ते भीमेकाठी जातात. आईनं विचारलं तर म्हणतात, "शिरूरची गाडी वेळेवर आहे!"