झूम विसरा, गिरगावात चाला!

नवा कॅमेरा घेतला की पहिले सहा महिने सॉलिड उत्साह असतो. मग तो हळूच कपाटात जातो. कारण एकच, वजन! बॉडी, झूम लेन्स, चार्जर आणि वर ती गुबगुबीत बॅग... ऑफिसच्या सॅकमध्ये लॅपटॉप आणि डब्याशिवाय आणखी काही मावत नाही. गर्दीच्या लोकलमध्ये खांद्याला दुसरी बॅग लावायची म्हणजे चौघांच्या शिव्या खायच्या. शेवटी काय, खिशातला फोन झिंदाबाद!

मिररलेसवाल्यांसाठी यावर एक जुना आणि साधा उपाय आहे. छोटी स्टँडर्ड प्राइम. प्राइम म्हणजे जिला झूमच नाही अशी लेन्स. आणि स्टँडर्ड म्हणजे फुलफ्रेम कॅमेऱ्यावर पन्नास मिलिमीटरच्या आसपासची, जिच्यातून जग ताणलेलं वाटत नाही की दाबलेलंही वाटत नाही. आता ही पन्नाशी विकत घेण्यापूर्वी तिची परीक्षा कशी घ्यायची? शोरूमच्या काउंटरवर सेल्समनच्या नाकाचे फोटो काढून काही कळत नाही, बॉस. फोर्टात लेन्स भाड्याने मिळतात. ओळखपत्र द्या, डिपॉझिट ठेवा आणि दोन दिवस वापरा. मी फुजीफिल्मची एक्सएफ ३५ एमएम एफ/२ आणली. माझा एक्स-टी४ एपीएस-सी सेन्सरचा, त्यामुळे तिचं ३५ हे फुलफ्रेमच्या हिशेबात ५३ होतं. जुलैचा शनिवार होता, आभाळ भरलेलं. परीक्षेचं केंद्र ठरलं गिरगाव.

गिरगावच का? कारण तिथे जागा नाही! प्राइम लेन्सची खरी कसोटी मोकळ्या मैदानात लागत नाही, ती अरुंद गल्लीत लागते. चर्नी रोडला उतरून पूर्वेला चालत निघालात की दहा-पंधरा मिनिटांत जगन्नाथ शंकरशेट रस्त्यावरून खोताच्या वाडीत शिरता येतं. बाहेर बसचे हॉर्न, आणि चार पावलं आत गेलं की चक्क सायकलची घंटी ऐकू येते. लाकडी कठडे, बाहेरून वर जाणारे जिने, उतरती कौलं, व्हरांड्यात आरामखुर्ची. गल्लीत एक क्रूस आहे, त्याला ताजा हार. आणि मान वर केली की मागे उभे टॉवर. तेही गिरगावचेच, नाकारण्यात अर्थ नाही.

लेन्सचं वजन १७० ग्रॅम. माझी नेहमीची १८-५५ झूम ३१० ग्रॅमची. आकड्यांत फरक छोटा वाटेल, पण गळ्यात अडकवून दिवसभर फिरलात की मानेला कळतो. त्याहून मोठा फरक समोरच्या माणसाला जाणवतो. पुढे निमुळती होत जाणारी ही चिमुकली लेन्स बघून कोणी दचकत नाही. ‘हा कोण पत्रकार आला’ अशी नजर येत नाही. पेपर वाचत बसलेल्या एका काकांनी तर मान वर करून ‘जुना रोलवाला का?’ एवढंच विचारलं आणि परत पेपरात डोकं घातलं. त्यांचे पुढचे तीन फोटो एकदम निवांत आले.

पण अडचण लगेच समोर आली. तीन मीटरवरून कॅमेरा उभा धरला तर या लेन्समध्ये जेमतेम दोन मीटर उंची मावते. म्हणजे एक उभा माणूस आणि डोक्यावर थोडी हवा. एकमजली घर कौलापर्यंत सात मीटर धरा, ते पुरतं घ्यायला साडेदहा मीटर मागे जावं लागेल. खोताच्या वाडीत साडेदहा मीटर मागे गेलात तर तुम्ही समोरच्यांच्या स्वयंपाकघरात उभे असाल! त्यामुळे तुम्ही आपोआप तुकडे टिपायला लागता. खिडकीची तावदानं, कठड्याची नक्षी, पायरीवर झोपलेलं मांजर. प्राइमचे भक्त म्हणतात की यानेच नजर तयार होते. ते खरंही आहे. झूम असली की आपण जागेवर उभे राहून मनगट फिरवतो, इथे पाय हलवावे लागतात.

मी असाच एका घराचा जिना टिपत होतो तर वरून आवाज आला. व्हरांड्यात एक आंटी उभ्या होत्या, सत्तरीच्या तरी असतील.

“कुठल्या पेपरातून?”

“पेपरातून नाही आंटी, हौस म्हणून. काढू ना?”

“काढ. पण सगळं घर काढ. लोक येतात, खिडकी काढतात, दार काढतात. सगळं घर कोण काढत नाय. उद्या पाडलं तर पोरांना काय दाखवू, खिडकी?”

यावर काय बोलणार? गल्लीतली कितीतरी जुनी घरं गेलीत, आणि जाण्याआधी त्यांचेही असेच खिडकी-दाराचे सुंदर सुंदर फोटो निघालेले असणार. मी समोरच्या भिंतीला पाठ टेकवली. तिथून मावली ती वरची खिडकी आणि अर्धं छप्पर. कॅमेरा वरून खाली सरकवत पाच फ्रेम घेतल्या, लॅपटॉपवर जोडता येतील म्हणून. पण जिना जवळ आणि कौलं लांब, त्यात वरून विजेच्या वायरी. अशा फोटोत जोड दिसतातच. शेवटी खिशातून फोन काढला. त्याच्या अल्ट्रावाइडमध्ये आख्खं घर एका झटक्यात आलं, पायरीपासून कौलापर्यंत. कडा थोड्या वाकल्या, पण घर आलं.

मग आंटींना जिन्यात उभं केलं आणि तो फोटो मात्र ३५ने काढला. दीड मीटरवरून, एफ/२वर. इतक्या अंतरावर साधारण पंधरा सेंटिमीटर खोलीचाच पट्टा शार्प राहतो. चेहरा स्वच्छ आला आणि मागचा कठडा विरघळत गेला, तरी तो त्यांच्याच घराचा आहे हे कळत होतं. स्क्रीनवर दोन्ही फोटो दाखवले. त्यांनी चष्मा वर-खाली करून पाहिले आणि ऑर्डर दिली, “घराचा मोठा करून दे. माझा लहान चालेल.” पुढच्या रविवारी दोन्ही प्रिंट पोचवल्या.

वाडीत फोटो काढणार असाल तर एक पथ्य जरूर पाळा. इथले व्हरांडे थेट गल्लीत उघडतात. आपल्याला ते ‘लोकेशन’ वाटतं, पण ती कोणाची तरी बाहेरची खोली असते. आधी विचारा. पन्नाशीने तसंही तुम्हाला बोलण्याच्या अंतरावर जावंच लागतं, मग न बोलता परतण्यात काय मजा?

दुपारी फणसवाडीच्या ‘विनय हेल्थ होम’मध्ये मिसळ. आता फूड फोटो नको का? ही लेन्स ३५ सेंटिमीटरपेक्षा जवळ फोकस होत नाही. तेवढ्यावरून चौकटीत सुमारे सतरा सेंटिमीटर रुंदी मावते, म्हणजे मिसळीची बशी झकास येते, पण तर्रीवरच्या एकाच शेवेवर जीव टाकायचा असेल तर विसरा. शिवाय इतक्या जवळून एफ/२वर फोटो किंचित मऊ येतो. एफ/४ करा, सुधारतो. अॅपर्चरची रिंग लेन्सवरच आहे. कट् कट् आवाज करत फिरते, आणि ती फिरवायचा आनंद काही वेगळाच आहे!

तिथून सी. पी. टँकवरून चालत भुलेश्वर. एव्हाना पाऊस सुरू झाला होता. फुलांच्या गल्लीत वर प्लास्टिक बांधलेलं, खाली चिखल आणि झेंडू एकत्र, आणि भर दुपारी दिवे लागलेले. माझी झूम ३५ला एफ/३.६च्या आसपास उघडते. एफ/२ला त्याच्या तिपटीहून जास्त प्रकाश आत येतो. आयएसओ ६४००च्या जागी २०००वर काम भागलं आणि केशरी रंग केशरीच राहिला. हार ओवणारे हात थांबत नाहीत, तिथे कॅमेऱ्यातलं स्टॅबिलायझेशन कामाचं नाही, शटरचा वेगच लागतो. फोकस झटपट आणि बिनआवाजी. लेन्सला पाण्यापासून संरक्षण आहे, पण बॉडीलाही ते हवं, नाहीतर माउंटपाशी सगळं मुसळ केरात. माझ्या बॉडीला आहे, त्यामुळे रिमझिम दोघांनी आरामात झेलली. समोर ४३ मिलिमीटरचा साधा फिल्टर मात्र लावा. काचेवरचा थेंब रुमालाने पुसताना धाकधूक राहत नाही.

संध्याकाळी चौपाटीवर आभाळ थोडं उघडलं. मलबार हिलच्या दिशेने तिरपं ऊन, भेळेच्या गाड्या, ओली वाळू. एफ/८ करून फोकस चार मीटरवर ठेवला की अडीच-पावणेतीनपासून आठ मीटरपर्यंत सगळं शार्प. मग कॅमेरा पोटाशी धरून नुसतं चालायचं आणि बटण दाबायचं.

तर, घ्यायची का? मी घेतली. झूम विकली नाही. लग्नाकार्यात आणि गडावर ती लागते. पण आता ऑफिसच्या सॅकमध्ये डब्याशेजारी ३५ असते.

तुमचं बजेट टाइट असेल तर फुजीचीच एक्ससी ३५ एमएम एफ/२ बघा. २०२०मध्ये आली, आतल्या काचांची रचना तीच, वजन १३० ग्रॅम. अॅपर्चर रिंग नाही, माउंट प्लास्टिकचं आणि पावसापासून संरक्षण नाही. पावसाळ्यात घरी बसणाऱ्यांनी बिनधास्त घ्यावी. २०१२ची जुनी ३५ एफ/१.४ जास्त उघडते, जास्त जवळ जाते आणि तिच्या फोटोंवर जीव टाकणारे खूप आहेत. पण फोकस होताना कुरकुरते आणि पाणी तिला चालत नाही. कॅमेरा फुजीचा नसेल तर कॅननची आरएफ ५० एफ/१.८, निकॉनची झेड ४० एफ/२, सोनीची एफई ५० एफ/२.५ जी, सगळ्या १६० ते १७५ ग्रॅमच्या घरात. कुठलीही असो, आधी भाड्यानेच आणा.

आणि शनिवारी सकाळी नऊच्या आत पोचा. चर्नी रोडला फास्ट लोकल थांबत नाही, स्लो पकडा. २०२५मध्ये भुयारी मेट्रोचं गिरगाव स्टेशनही सुरू झालंय. येताना वाडीतून वेफर्स घ्यायला विसरू नका. फक्त तेलकट बोटं लेन्सपासून लांब ठेवा.