एकसाली

वडिलांच्या मागें त्यांची लोखंडी पेटी आमच्याकडे आली, आणि पेटीबरोबर सरकाराशीं चाललेला एक दावाही आला. चाकणजवळच्या आमच्या मूळ गांवीं गायरानाला लागून एक मुरमाड माळ आहे. घरांत त्याला सदैव 'आपला माळ' असेंच म्हणत. आजोबांनीं त्यांतले धोंडे वेचून ताल घातली, बाजरी पेरली. पुढें मालकी ठरवून घेण्यासाठीं वडील कोर्टाची पायरी चढले. फिरंगोजी नरसाळ्यानें १६६० सालीं चाकणचा किल्ला शाएस्तेखानाशीं सुमारें दोन महिने झुंजविला. आमच्या घराण्यानें हा माळ एकतीस वर्षें झुंजविला आहे! खालच्या कोर्टाचा निकाल विरुद्ध गेला. अपील करावयाचें कीं नाहीं, हें ठरविणें तेवढें आमच्या वांट्यास आलें.

इंग्रजी ग्रंथांच्या संगतींत उभा जन्म घालविलेल्या माणसास सातबाराचा उतारा नीट वाचतां येऊं नये, याची लाज आम्हांस त्या रात्रीं प्रथम वाटली. पेटींतल्या पिंवळ्या पडलेल्या कागदांवर वडिलांची सारी भिस्त होती. "सरकारचाच शिक्का आहे यांवर," असें ते म्हणत. शिक्का होता खराच. परंतु कागद होता एकसाली लावणीचा. एका सालापुरती जमीन कसावयास दिली, साल सरलें कीं हक्क सरला, एवढाच त्याचा अर्थ. त्याखालीं होत्या अतिक्रमणाच्या दंडाच्या पावत्या. एकेक पावती त्यांनीं घडी न मोडतां जपली होती, कीं मालकी शाबीत करण्यास उपयोगीं पडेल. जो दंड भरतो तो जमीन आपली नव्हे असेंच जणूं दरसाल लिहून देतो, हें त्यांना कोणी सांगितलें नसावें. किंवा सांगितलें असेल, पण त्यांनीं ऐकलें नसेल.

कायदा या बाबतींत जुना व सरळ आहे. जी जमीन कोणा खाजगी इसमाची ठरत नाहीं ती सरकारची, असें १८७९ च्या मुंबई जमीन महसूल कायद्याचें ३७ वें कलम सांगत असे; १९६६ च्या महाराष्ट्र संहितेचें २० वें कलमही तेंच सांगतें. खाजगी मालकाविरुद्ध बारा वर्षांचा उघड विरोधी कब्जा पुरतो. सरकाराविरुद्ध १९०८ च्या मुदतीच्या कायद्यानें साठ वर्षें लागत, १९६३ च्या कायद्यानें तीस. मात्र परवानगीनें धरलेला कब्जा शंभर वर्षें चालला तरी विरोधी होत नाहीं. आमचा सारा दावा या एका वाक्यांत बुडाला होता.

पुण्याच्या दुसऱ्या अंगास, कोंढवा बुद्रुक येथें, सुमारें १२ हेक्टर जमीन १८७९ पासून राखीव जंगल होती. १९९८ सालीं ती एका कुटुंबास शेतीसाठीं म्हणून मिळाली आणि पुढें एका गृहनिर्माण संस्थेकडे गेली. सर्वोच्च न्यायालयानें १५ मे २०२५ रोजीं तो सारा व्यवहार बेकायदेशीर ठरवून जमीन वनखात्याच्या हवालीं करण्याचा आदेश दिला, आणि राजकारणी, अधिकारी व बांधकाम करणारे यांच्या संगनमताचा तो नमुना असल्याचें म्हटलें. ती बातमी वाचून आम्हीं मित्रमंडळींत मोठ्या तावातावानें बोललों होतों. तेव्हां आम्हीं ही पेटी उघडलेली नव्हती.

चाकणला कारखाने आले आणि बाजरीचा माळ गुंठ्यांनीं मोजला जाऊं लागला. माळ दाव्यासकट विकत घेणारा एक गृहस्थही चुलतभावानें शोधून काढला होता. "दादा, तुम्ही फक्त सही करा, पुढचें ते बघतील," असें तो म्हणाला. 'ते' काय बघतील, हें विचारण्याचें धैर्य आम्हांस झालें नाहीं.

एका रविवारीं आम्ही एकटेच माळावर गेलों. आजोबांची ताल अजून उभी होती. तिच्या आडोशाला मेंढरें बसलीं होतीं. म्हाताऱ्या धनगरानें विचारलें, "कुनाचं तुमी?" आम्हीं आजोबांचें नांव सांगितलें. तो लगबगीनें उठून घोंगडी झटकूं लागला. "मंग ह्यो तुमचाच माळ की! बसा."

आम्ही बसलों. दुसऱ्या दिवशीं अपील करूं नये असें वकिलांना लिहून कळविलें. चुलतभाऊ तेव्हांपासून आमच्या घरीं आलेला नाहीं.