कारुण्य कोकिळेचा पावसाळा

मृगाचा पहिला जोर ओसरतो, टेकडीवरचं गवत घोट्याला लागू लागतं आणि एखाद्या वाळक्या फांदीच्या शेंड्यावरून ती शीळ सुरू होते. पी-पिपी-पी... पी-पिपी-पी... पावशाची हाक फुटायच्या बेताला येते, तशी ही नाही. बारीक, किंचित थरथरती. आभाळ भरून आलं की तिला खंड नसतो; चांदण्या रात्रीही ती ऐकू येते. ही कारुण्य कोकिळा.

पक्षी जेमतेम वीतभर, 23 सेंटिमीटरचा. नर सलेटी, शेपटीखाली पांढरा, शेपटीच्या पिसांची टोकंही पांढरी. माद्या मात्र दोन रूपांत दिसतात: काही नरासारख्या राखाडी, तर काही तांबूस, अंगभर काळ्या पट्ट्यांच्या. 1797 साली मार्टिन वाल यांनी हिचं शास्त्रीय वर्णन केलं, ते कोरोमंडल किनाऱ्यावरच्या तरंगंबाडीच्या पक्ष्यावरून. तिथे तेव्हा डॅनिश वसाहत होती.

शीळ घालणारा असतो नर, आणि त्याच्या वर्षातले हे सगळ्यात भरभराटीचे दिवस. आपला मुलूख, आपली मादी, झाडोऱ्यात हवे तेवढे सुरवंट. इतर पक्षी ज्यांच्या वाटेला जात नाहीत ते केसाळ सुरवंट कोकिळकुळातले पक्षी मिटक्या मारत खातात. दुःख शोधायचंच तर ते त्याच्या गळ्यात नाही. खाली, घाणेरीच्या जाळीत आहे.

तिथे राखी वटवट्या असतो, साधा वटवट्या असतो, पानं शिवून त्यांच्या द्रोणात कापूस अंथरणारा शिंपी असतो. आपल्या मुठीत मावतील एवढे जीव. कारुण्य कोकिळा घरटं बांधत नाही. अंडं यांच्याच घरट्यात घालते. राखी वटवट्याची अंडी पाहिलीत कधी? विटकरी तांबडी, घोटून चकाकी आणल्यासारखी. शिंप्याची फिकट, तांबूस ठिपक्यांची. आणि कारुण्य कोकिळेची अंडीही एका रंगाची नसतात. ज्या घरट्यात पडायचं, तिथल्या अंड्यांशी त्यांचा मेळ बसतो. आसामात पोलीस खात्यात नोकरी केलेल्या स्टुअर्ट बेकर यांनी हिंदुस्थानातल्या कोकिळकुळाची अंडी वर्षानुवर्षं जमवली आणि याच कोड्यावर 1942 साली ‘कुकू प्रॉब्लेम्स’ हे पुस्तक लिहिलं.

या मेळाचा विचार करताना मी नेहमी वटवट्यापाशी थांबते. रंग अंड्याला कोकिळेनं दिला असं आपण म्हणतो. पण वेगळं दिसणारं अंडं ओळखून फेकून देणारा कोण? पिढ्यान्‌पिढ्या जे अंडं त्याच्या नजरेतून निसटलं तेच उबलं, त्यातूनच पुढची कोकिळा झाली. म्हणजे कोकिळेचं अंडं रंगवलं ते या चिमुकल्या पक्ष्याच्या संशयानं. फसणाऱ्याची एवढी बारीक नजर फसवणाऱ्याच्या अंड्यावर उमटलेली असते, हे मला फार हलवून जातं.

पुढचं ऐकायला कठोर आहे. कोकिळेचं पिल्लू डोळेही न उघडता, उघड्या पाठीवर शेजारची अंडी घेऊन घरट्याच्या काठापर्यंत नेतं आणि खाली लोटतं. ते कुणी शिकवलेलं नसतं, त्यात दुष्टावाही नसतो.

श्रावणातल्या एका भुरभुरीत मी असं पिल्लू जवळून पाहिलं. घरटं सोडून घाणेरीच्या फांदीवर बसलेलं, पंख थरथरवत एकसारखं मागणारं. शिंपी आला, चोचीत हिरवी अळी. पिल्लू त्याच्यापेक्षा कितीतरी मोठं. भरवायला त्याला वरच्या काटकीवर बसून वाकावं लागलं. त्याचं अख्खं डोकं त्या उघड्या चोचीत गेलं, बाहेर आलं, आणि क्षणभरही न थांबता तो पुढच्या अळीसाठी उडाला. भिजलेला, विस्कटलेला, शेपटी मात्र उभी. त्याच्या त्या कष्टांत मला खोट दिसली नाही.

आणि ते पिल्लू! त्यानं जन्मापासून जवळून ऐकली ती शिंप्याची टुवीट-टुवीट. खऱ्या आईबापांनी त्याला एक घास भरवला नाही, एक सूर शिकवला नाही. तरी ते नर असेल तर मोठेपणी पी-पिपी-पी हीच शीळ घालेल, कारण कोकिळकुळातल्या पक्ष्यांना आपला सूर शिकावा लागत नाही, तो उपजतच असतो.

हे सगळं चालतं ते कमरेएवढ्या झुडपांत, ज्यांना आपण ‘रान माजलंय’ म्हणतो. आमच्या टेकडीवर जुलैत रोपं लावायला माणसं येतात, मनापासून येतात, आणि त्याआधी जाळ्या कोयत्यानं साफ होतात. नेमके हेच वटवट्याच्या अंड्यांचे दिवस. वटवट्या गेला की कारुण्य कोकिळेला घर उरत नाही, कारण तिचं स्वतःचं कधी नव्हतंच. मी त्या मंडळींना एवढंच सांगत असते: खड्डे मोकळ्या जागेत घ्या, जाळ्या दिवाळीपर्यंत राहू द्या.