लिप्यंतर, यंत्र आणि वाचकाची शंका

भाषांतराविषयी साहित्यविचारात विपुल लेखन झाले; लिप्यंतराच्या वाट्याला मात्र उपेक्षाच आली. भाषांतरकाराला सहनिर्मात्याचा मान मिळू लागला, पण लिप्यंतर करणारा लेखनिकच राहिला. भाषा तीच, शब्द तेच, केवळ अक्षरांचा वेष बदलला, ही यामागची धारणा. संगणकावर लिप्यंतर करणाऱ्या सॉफ्टवेअर लायब्रऱ्यांनी ती अधिकच दृढ केली आहे. लायब्ररी म्हणजे येथे ग्रंथालय नव्हे. इतर आज्ञावलींना हवी तेव्हा वापरता यावी अशी, एकदाच लिहून ठेवलेली आज्ञावलींची शिदोरी. तिच्याकडे देवनागरी मजकूर सोपवला की निमिषार्धात तो गुजराती, बंगाली वा रोमन लिपीत हाती येतो. जे इतके सहज घडते त्यात अर्थनिर्णयनाला जागा कोठली, असे वाटणे स्वाभाविक आहे. वस्तुतः ती जागा आहे. यंत्राच्या वेगामुळे ती दिसेनाशी होते, इतकेच.

ही सहजता ज्या गृहीतकावर उभी आहे ते प्रथम तपासले पाहिजे. १९९१ मध्ये भारतीय मानक म्हणून स्वीकारल्या गेलेल्या ‘इस्की’ या संकेतप्रणालीत ब्राह्मीपासून निघालेल्या भारतीय लिप्यांना एकच संकेतसंच होता. ‘क’चा संकेत एक, तो देवनागरीत दिसावा की तेलुगूत, हा केवळ दर्शनाचा प्रश्न. अक्षर म्हणजे आत्मा आणि लिपी म्हणजे वस्त्र, असेच जणू हे तत्त्वज्ञान होते. त्याच वर्षी अवतरलेल्या युनिकोडने प्रत्येक लिपीला स्वतंत्र घर दिले; मात्र घरांची अंतर्रचना इस्कीच्या १९८८च्या आवृत्तीवरून घेतली. देवनागरीला १२८ जागा, तिला लागून बंगालीला १२८, आणि दोन्हींत ‘क’ त्याच क्रमाने बसलेला. त्यामुळे देवनागरी ‘क’च्या संकेतात १२८ मिळवले की बंगाली ‘क’ मिळतो, ३८४ मिळवले की गुजराती. अगदी प्राथमिक लायब्ररी एवढ्या बेरजेवर चालू शकते.

‘वेळ’ या शब्दावर ही बेरीज करून पाहावी. बंगालीच्या कोष्टकात ‘व’ आणि ‘ळ’ यांच्या वाट्याच्या जागा रिकाम्या आहेत. दोन्ही व्यंजने नाहीशी होतात आणि निराधार मात्रा तेवढी उरते. अर्थात कोणतीही जबाबदार लायब्ररी असे होऊ देत नाही. ती ‘व’साठी ‘ब’ आणि ‘ळ’साठी ‘ल’ योजते. पण येथे गणित संपते आणि निवड सुरू होते. ‘काळ’ आणि ‘काल’ बंगालीत जाताच एकरूप होतात. देवनागरीत परतताना दोहोंचे ‘काल’च होते. तमिळमध्ये ‘क’पासून ‘घ’पर्यंतच्या चारही व्यंजनांना एकच अक्षर आहे. म्हणून संस्कृत स्तोत्रे तमिळ लिपीत छापताना त्या अक्षराला बारीक आकडे जोडण्याची रीत पडली, आणि लिप्यंतराच्या आज्ञावलींतही ती आली. मूळ पुन्हा हाती यावे यासाठी वाचनातली सुलभता खर्ची पडली. रोमनकडे वळताना ‘करतो’ या शब्दातल्या ‘र’चा ‘अ’ लिहावा की गाळावा? लेखन जपायचे तर लिहावा, उच्चार जपायचा तर गाळावा. दोन्ही एकाच वेळी साधत नाही.

मराठीच्या अभ्यासकाला हा प्रश्न सर्वाधिक भिडतो तो मोडीच्या संदर्भात. येथे वाट उलटी आहे: कमी भेद दाखवणाऱ्या लेखनातून अधिक भेद मागणाऱ्या लेखनाकडे. मोडीत ऱ्हस्वदीर्घाचा भेद सहसा पाळला जात नाही. शब्दही सलग लिहिले जातात. म्हणजे ‘दिन’ की ‘दीन’, ‘तोरणात’ की ‘तो रणात’, हे अक्षरे सांगत नाहीत, प्रसंग सांगतो. युनिकोडमध्ये मोडीला २०१४ साली स्थान मिळाले. त्यानंतर मोडी मजकूर संकेतरूपात साठवणे आणि देवनागरीत नेणे सुकर झाले. परंतु अक्षरास अक्षर देणारी लायब्ररी ही संदिग्धता तशीच पुढे ढकलते, तर कोशाच्या आधाराने शब्द ठरवणारी ती मिटवून टाकते. दुसरी अधिक सफाईदार आणि म्हणूनच अधिक धोक्याची. तिचा कल रूढ शब्दाकडे असतो. विरळ शब्द, बोलीतले रूप, लेखकाची लकब यांना तेथे थारा मिळणे कठीण. शिवाय अठराव्या शतकातल्या पत्राला ती नकळत १९६२च्या लेखननियमांचे ऱ्हस्वदीर्घ बहाल करते. लिपीबरोबर काळही बदलतो, आणि त्याची कोठेही नोंद राहत नाही.

वि. का. राजवाडे यांच्या ‘मराठ्यांच्या इतिहासाची साधने’चा पहिला खंड १८९८ मध्ये निघाला. मोडी पत्रे बाळबोधीत आणताना असे निर्णय त्या पिढीलाही पदोपदी घ्यावे लागणारच होते. ते सर्वच बरोबर असतील असे नाही. पण त्यांना संपादकाचे नाव होते, वाद घालायला माणूस होता. यंत्राच्या देवनागरीशी वाद कोणाशी घालायचा?

मूळ लिपी कोणती हेच जेथे सरळ नसते तेथे गुंता आणखी वाढतो. फादर स्टीफन्स यांचे ‘क्रिस्तपुराण’ १६१६ मध्ये गोव्यात राशोल येथे छापले गेले ते रोमन अक्षरांत. १९०७ची मंगळूरची आवृत्ती रोमनच होती. १९५६ची शांताराम बंडेलू यांची आवृत्ती देवनागरी. लंडनमधल्या मार्सडन संग्रहातील हस्तलिखितही देवनागरी आहे. पोर्तुगीज वळणाच्या त्या रोमन लेखनात देवनागरीतले सगळे भेद सापडणार नाहीत. पण ते लेखन हा स्वतःच एक पुरावा आहे: मराठी रचना कोणत्या छापखान्यातून, कोणत्या वाचकाच्या डोळ्यांसमोर आली याचा. ते ‘शुद्ध’ देवनागरीत उतरवून मूळ टाकून देणे म्हणजे तो पुरावाच पुसणे होय.

याचा अर्थ लायब्रऱ्या त्याज्य आहेत असा नव्हे. विनोद राजन यांची ‘अक्षरमुख’ ही प्रणाली शंभराहून अधिक लिप्या हाताळते. तिचा खरा गुण असा की ती वापरणाऱ्यापुढे पर्याय ठेवते. पर्याय समोर आले की निर्णय दिसतो, आणि दिसलेल्या निर्णयाची जबाबदारी घेता येते. पाठभेद तळटीपेत देण्याची शिस्त संपादनशास्त्राने पूर्वीच घालून दिली आहे. कोणती लायब्ररी, तिची कोणती आवृत्ती, कोणते पर्याय, हे सांगणे हा त्याच शिस्तीचा विस्तार ठरेल. मूळ लिपीतला मजकूर सोबत ठेवणे हा तिचा किमान भाग. अन्यथा पदव्युत्तर वर्गातला विद्यार्थी तयार देवनागरी वाचील, ‘तो रणात’ असे निःशंकपणे उद्धृत करील, आणि येथे कोणे एके काळी ‘तोरणात’ असेही वाचता येत होते हे त्याला कळणारही नाही.