भिंतीपलीकडून

श्रावणातल्या दुपारी आमच्या ओसरीवर पोथी लागायची. पिंपळगाव राजातलं धाब्याचं घर. आत गारवा, बाहेर ज्ञानगंगेच्या अंगाने भरून आलेलं आभाळ. आजीच्या चार मैत्रिणी यायच्या. रिकाम्या हाताने कुणीच बसत नसे. एकीपुढे सुपातली तूर, दुसरीच्या मांडीवर वातीचा कापूस. पाचांपैकी एकीलाही वाचता येत नव्हतं. म्हणून सहावीतली मी पाटावर बसून ‘शिवलीलामृत’ वाचायचे, आणि मी अडखळले की त्या पाचही जणी एका सुरात ओवी पुढे न्यायच्या. मला त्याची मोठी गंमत वाटे.

पुढच्या श्रावणात मला कावळा शिवला. मागच्या पडवीत गोणपाट, पाण्याचा तांब्या वेगळा. वाचणारं कुणी नाही म्हणून आजीने पोथी रुमालात बांधलेलीच पुढ्यात ठेवली, फूल वाहिलं आणि अकरावा अध्याय तोंडपाठ धरला. मी भिंतीला पाठ लावून ऐकत होते. मध्येच ती थांबली. दोन ओव्या निसटल्या होत्या. सुपाचा आवाजही थांबला. मग हाक आली, “सांग ना वं माय, पुढं काय हाये?” मी भिंतीआडून सांगितल्या. तिने त्या उचलल्या आणि पुढे गेली. पोथीला माझा हात चालत नव्हता, आवाज चालला.

मला राग आला होता. तो बरीच वर्षं टिकला.

‘लीळाचरित्र’ हाती आलं ते कॉलेजात. तेराव्या शतकातलं हे म्हाइंभटाचं पुस्तक, मराठी गद्याचा पहिला मोठा ग्रंथ. त्यात महानुभाव पंथाच्या चक्रधरस्वामींच्या आठवणी आहेत. स्वामी आमच्या घाटावर, मेहकरला आणि लोणारला, राहून गेले होते हे मला त्यातून कळलं. लोणारात यादव राजा कान्हरदेव त्यांच्या भेटीला आला. राजाची भेट मी भराभर वाचून टाकली. राजे सगळ्याच पोथ्यांत भेटतात. अडकले ती बायकांपाशी. पैठणची बाइसा स्वतः शिष्य बाळगून असलेली तापसी. ती ते सगळं सोडून स्वामींच्या जेवणाखाण्याची काळजी वाहते. महदाइसा तरुणपणीच विधवा झालेली. तिचं काम एकच, प्रश्न विचारणं. हे असं का, ते तसं का. आणि स्वामी तिच्या या सवयीचं कौतुक करतात. विचारणाऱ्या बाईचं कौतुक मी तोवर कुठल्याच पोथीत वाचलं नव्हतं.

विटाळाचा विषय त्या मंडळीत निघाला, तेव्हा उत्तर मिळालं ते अगदी रोखठोक. शरीराच्या दारांतून नाना मळ वाहतात, नाकाला शेंबूड येतो, तसंच हेही. ते पान मी दोनदा वाचलं. पडवीतलं गोणपाट आठवलं. सातशे वर्षांपूर्वी सांगून झालेली गोष्ट घाट उतरून आमच्या घरापर्यंत काऊन आली नाही?

सगळंच मोकळं होतं असंही नाही. भिक्षूने चित्रातलीसुद्धा बाई पाहू नये, असं सूत्र त्याच पंथात आहे. बाईला संन्यास देणारे आणि तिच्या चित्राला बिचकणारे, दोन्ही एकाच घरातले. हे झाकून नुसती आरती ओवाळण्यात मला रस नाही.

पण स्वामींच्या मागे जे घडलं, ते मला जास्त मोलाचं वाटतं. पंथ त्यांचे शिष्य नागदेवाचार्य यांच्याकडे आला. केशिराजबास संस्कृतातले पंडित. त्यांना संस्कृतात लिहायचं होतं. नागदेवांनी अडवलं. कारण ‘स्मृतिस्थळा’त नोंदलेलं आहे: संस्कृतात लिहिलं तर माझ्या म्हाताऱ्या त्याला मुकतील. तत्त्वज्ञान त्यांनी पुढे केलं नाही, पुढे केल्या म्हाताऱ्या. आमच्या ओसरीवर तूर निवडत बसायच्या तशाच असतील त्या.

आणि या बायका नुसत्या ऐकत बसल्या नव्हत्या. रिद्धपूरला स्वामींचे गुरू गोविंदप्रभू यांच्या मनात लग्नाचा खेळ आला. लग्न म्हटलं की गाणी हवीत. महदाइसेने कृष्ण-रुक्मिणीच्या लग्नाचे धवळे रचले, आणि मराठीतली आद्य कवयित्री म्हणून आपण आज तिचं नाव घेतो. रुक्मिणी कौंडिण्यपूरची, विदर्भाची. म्हणजे वऱ्हाडच्या लेकीचं लग्न वऱ्हाडातच गायलं गेलं.

हिराइसेचं नाव मात्र फारसं कुणी घेत नाही. यादवांचं राज्य उत्तरेच्या स्वाऱ्यांत कोसळलं, त्या धामधुमीत ‘लीळाचरित्रा’ची मूळ पोथी गेली. मग ज्यांना जे पाठ होतं त्यातून ग्रंथ पुन्हा उभा करण्यात आला. त्यातली एक परंपरा ‘हिराइसेची पाठ’ म्हणून ओळखली जाते. हिराइसा एकपाठी होती. एकदा कानावर पडलं की तिच्याजवळ राहायचं. मराठी गद्याचा पहिला ग्रंथ काही काळ एका बाईच्या डोक्यात सुखरूप होता. हे वाचलं आणि माझ्या डोळ्यांपुढे आजीच आली. रुमालात बांधलेली पोथी, डोळे मिटलेले, हातात वात. अध्याय चाललेला.

सुट्टीत घरी गेले तेव्हा तिला हिराइसेची गोष्ट सांगितली. तिने सूप न थांबवता ऐकली. गोष्टीचं नवल तिला वाटलंच नाही. “पाठ असंल तं ऱ्हातेच,” म्हणाली. विटाळाचंही सांगितलं. त्यावर बराच वेळ काही बोलली नाही. तुरीतला एक खडा काढून अंगणात टाकला आणि म्हणाली, “हे मले आधी कोनं सांगतलं नाही.”

माझ्या धाकट्या बहिणीची पाळी आली त्या वर्षी पडवीत गोणपाट पडलं नाही. घरात त्यावर कुणी एक शब्द काढला नाही. त्या श्रावणात पोथी बहिणीनेच वाचली, आणि अकराव्या अध्यायात ती अडखळली तेव्हा आजीने पुढच्या दोन ओव्या सांगितल्या.