उपवासकाळातली पाने

५ मार्च २०२५, राखेचा बुधवार. वसई
सकाळी मिस्सा, कपाळावर राख. नऊला समुपदेशनाची खोली उघडली. पहिल्या बाई ख्रिस्ती नाहीत. त्यांनी माझ्या कपाळाकडे पाहिलं, मग पदराशी चाळा. म्हटलं, ही राख माझी आहे, तुमच्या बोलण्यात ती येणार नाही. "आमच्यातही विभूती लावतात, मॅडम." मग नवऱ्याच्या दारूबद्दल बोलल्या. पूर्ण तास.

६ मार्च
या वहीत कुणाचं नाव नाही. अक्षरं बदललेली. वय, गाव, कामधंदा हलवलेला. तरी वही कुलपात.

७ मार्च
क. पहिल्यांदा आला. पंचविशीतला. लोकल, ऑफिस, लोकल. शनिवारी कन्फेशन. आता बुधवारीही. आता दर वेळी वेगळ्या चर्चमध्ये, कुणा एका फादरच्या लक्षात येऊ नये म्हणून. बाहेर पडला की शंका. ते पाप नीट सांगितलं का? मनापासून पस्तावलो का? पुन्हा रांगेत. रात्री पश्चात्तापाची प्रार्थना. एक शब्द अडखळला की पहिल्यापासून. दीड वाजतो. सकाळची गाडी चुकते.
आई सोबत होती. कौतुकानं सांगत होती, पोरगा फार देवाचा.
तो जमिनीकडे बघत होता.

८ मार्च
मंत्रचळ. डॉक्टरांचंही तेच मत. चिठ्ठीवर ओसीडी. गोळी सुरू.
क.ला मौन प्रार्थना शिकायची आहे. कुठून तरी ऐकलंय की मी करते. एक छोटा शब्द मनाशी धरायचा, शांत बसायचं, विचार आला की त्याच्याशी न झगडता शब्दाकडे परतायचं. थॉमस कीटिंग आणि अमेरिकेतल्या स्पेन्सरच्या मठातल्या त्यांच्या सोबत्यांनी १९७० च्या दशकात ही वाट मठाबाहेरच्या माणसांसाठी मोकळी केली. मला ती फार प्रिय. पण क. तो शब्दही मोजेल. नीट म्हटला का, पुरेसा म्हटला का. आत्ता नको, म्हणून सांगितलं. त्याचा चेहरा पडला.

१० मार्च
रात्री संत इग्नेशियस लोयोलांचं आत्मकथन काढलं. मान्रेसा, १५२२. त्याआधी मोंसेरातला सगळी पापं लिहून काढून सांगितलेली. तरी समाधान नाही. जुनीच पापं पुन्हा पुन्हा. खोलीतल्या भोकातून उडी टाकावी असा विचार. देव सोडवेपर्यंत जेवायचं नाही म्हणून आठवडाभर उपाशी. कन्फेशन ऐकणाऱ्या फादरनी सरळ आज्ञा केली, उपास सोड. सोडला. शंका तरी परत आल्याच. शेवटी इग्नेशियसनीच ठरवलं, मागचं काहीही आता कन्फेशनमध्ये पुन्हा सांगायचं नाही.
क.बरोबर मला नेमकं हेच करायचं आहे. आमच्या पुस्तकांत हा उपचार विसाव्या शतकातला.

१२ मार्च
सकाळी लवकर खोलीत. अर्धा तास नुसतं बसणं. शेजारच्या वाडीतला पंप चालू. प्रार्थनेत काही घडलं नाही.
दहाला एक गृहस्थ, बायको सोबत. बोलता बोलता थांबले. बराच वेळ. मी थांबून राहिले. घड्याळाकडे पाहिलं नाही. मग त्यांनी गेलेल्या मुलाचं नाव घेतलं. बायको रडायला लागली. तो गेल्यापासून घरात ते नाव कुणी उच्चारलं नव्हतं.
समोरच्याला प्रार्थना शिकवणं फार नंतरचं. आधी ऐकणाऱ्यानं गप्प बसायला शिकायचं.

१४ मार्च, धुळवड
रस्ताभर रंग. म. आल्या. साठीच्या. पहाटे तीनला जाग. घास उतरत नाही. जपमाळ हातात, ओठ हलत नाहीत. "देवानं पाठ फिरवली माझ्याकडे."
गोळ्या लागू पडत होत्या. मध्ये एका प्रार्थना-शिबिराला गेल्या. तिथे कुणी तरी सांगितलं, गोळी घेणं म्हणजे अविश्वास. त्याच दिवशी बंद. मुलगा म्हणतो, आणखी एक नऊ दिवसांची नोव्हेना करू.
विचारलं, जीव द्यावासा वाटतो का. "सकाळी उठूच नये असं वाटतं." काही ठरवलंय का? नाही म्हणाल्या. मग म्हणाल्या, वाडीत विहीर आहे.
त्यांना विचारून मुलाला आत घेतलं. त्यांच्यासमोरच सगळं सांगितलं. डॉक्टरांना फोन. संध्याकाळचीच वेळ मिळाली.

१५ मार्च
म.च्या मुलाचा फोन. विहिरीवर जाळी बसवली. रात्री सून त्यांच्या खोलीत झोपली. गोळी घेतली.
राग जात नाही. देवाच्या नावानं गोळी बंद करवणाऱ्याला म.चं घर कुठे आहे तेही ठाऊक नसेल.

१७ मार्च
आविलाच्या तेरेसाबाई. सोळाव्या शतकात मठ काढत हिंडल्या. मठांच्या स्थापनेच्या हकिगतीत एक प्रकरण उदासीनतेनं ग्रासलेल्या सिस्टरांवर. कडक आहे, आज वाचताना काही ठिकाणी टोचतं. पण उपाय काय सांगितलाय? कामात गुंतवा. प्रार्थनेचा वेळ फार लांबवू देऊ नका. उपास कमी करा. मासेही क्वचितच द्या.
प्रार्थना कमी करा, असं सांगणारी ही बाई चर्चची आचार्या. १९७० मध्ये तो मान मिळालेली पहिली स्त्री.
क्रूसाचे संत योहानही तसेच. आत्म्याची काळी रात्र त्यांनीच वर्णिली. पण ते आधी विचारतात, हा कोरडेपणा देवाकडून की आजारातून? खुणा देतात. आपल्याकडे हल्ली कुणीही रडकुंडीला आलं की काळी रात्र म्हणून मोकळे होतात. म.ची काळी रात्र नाही. म.ला नैराश्य आहे. झोप आणि जेवण आधी. देवाला घाई नाही.

१९ मार्च, संत जोसेफचा सण
फादरना भेटले. क.ची लेखी परवानगी घेऊन. एवढंच सांगितलं, त्याला काय आजार आहे आणि आम्ही काय करतोय. त्यांनी कन्फेशनमधलं काही सांगायचं नाही, मी विचारायचं नाही. त्यांना कन्फेशनच्या गुप्ततेचं बंधन, मला २०१७ च्या मानसिक आरोग्यसेवा कायद्याचं.
ठरलं ते असं. एकच फादर, तेच. महिन्यातून एकदा. आधी सांगितलेलं पाप पुन्हा नाही. पाप झालं की नाही अशी शंका असेल, तर झालं नाही असं धरायचं.
फादर म्हणाले, हे आमच्याकडे जुनं आहे. अशांनी एकाच फादरचं ऐकावं, असं संत आल्फोन्सनी सांगून ठेवलंय. ते स्वतः यातून गेले होते. मला हे ठाऊक नव्हतं. परत येताना हलकं वाटलं.

२२ मार्च
माझ्या सुपरव्हायजर बाईंकडे, दादरला. त्या देव मानत नाहीत. त्यांचा प्रश्न दर वेळी तोच. खोलीत प्रार्थना आली ती कुणाच्या गरजेनं? क्लायंटच्या की तुझ्या?
गाडीत तोच प्रश्न. वसई येईपर्यंत.

२५ मार्च
श. लहानपणी घरातल्याच माणसाकडून अत्याचार. आता तिशीत. शिबिरात सगळ्यांना डोळे मिटायला सांगितलं, हलकं संगीत, देवबापाच्या कुशीत आहात अशी कल्पना करा. हिला श्वास घेता येईना. पळून आली. वर वाईट वाटत होतं की आपणच देवाला नाकारलं.
डोळे उघडे ठेवून बसलो. पाय जमिनीवर. खिडकीबाहेर काय काय दिसतं ते तिनं सांगितलं. आंबा, तार, तारेवर कावळा. पुरे.
मौन प्रत्येकाला सोसत नाही. ज्याच्या आत आरडाओरडा आहे त्याला शांत खोलीत डोळे मिटून एकटं सोडणं ही क्रूरता आहे. डोळे मिटा, हे वाक्य मी कुणालाच म्हणत नाही.

२७ मार्च
एका सिस्टरचा प्रश्न, डी'मेलोंचं पुस्तक क्लायंटना द्यावं का? अँथनी डी'मेलो, आपल्या मुंबईचे. शिकागोला समुपदेशन शिकले, परतून साधना संस्था उभारली, आधी पुण्यात, मग लोणावळ्याला. १९७८ च्या 'साधना' पुस्तकात सुरुवात देहापासून. कपड्याचा खांद्याला होणारा स्पर्श, नाकपुडीतला श्वास. ख्रिस्ती प्रार्थना आणि मानसोपचार एका बैठकीवर आणणारी आपल्या मातीतली माणसं मोजकी, त्यांतले हे एक. १९९८ मध्ये, ते गेल्यावर अकरा वर्षांनी, रोमनं त्यांच्या काही मतांबाबत इशारा दिला. तोही सिस्टरनी वाचावा. दोन्ही वाचून ठरवावं. मी मात्र देहापासूनच सुरू करते.

२ एप्रिल
क. पुन्हा तीन चर्च फिरून आला. रडला.
पाटी कोरी नाही. सुरुवातीला आठवड्याला किती वेळा जायचा ते त्यालाच मोजायला लावलं. कमी आहे.
गृहपाठ: प्रार्थना एकदाच. अडखळली तरी पुन्हा नाही. भीती वर चढेल. चढू दे. बसून राहा. ती उतरते.

५ एप्रिल
क.चा निरोप. "अडखळलो. पुन्हा म्हटली नाही. अडीचला झोपलो. पण झोपलो."

१३ एप्रिल, झावळ्यांचा रविवार
मिरवणुकीत म. दिसल्या, मुलाचा हात धरून. मी आधी ओळख दाखवत नाही, तो नियम. त्यांनीच झावळी हलवली.

१६ एप्रिल
म. सलग पाच तास झोपतात. काल वाडीत जाऊन पालापाचोळा झाडला.
आज त्यांनीच विचारलं, आपण इथे प्रार्थना करू शकतो का? सुपरव्हायजर बाईंचा प्रश्न आठवला. गरज म.ची होती. विचारलं, काय म्हणायचंय देवाला? "भांडायचंय."
८८ वं स्तोत्र काढून दिलं. सुरुवात हाकेनं, शेवट अंधारात, बहुतेक विलापांसारखं शेवटी स्तुतीकडे वळतही नाही. म.नी मोठ्यानं वाचलं. मधेच थांबून म्हणाल्या, "हे बायबलमध्ये आहे?"
आहे. त्या वाचत राहिल्या. मी काही जोडलं नाही.

१८ एप्रिल, गुड फ्रायडे
खोली बंद. फोन चालू.

२० एप्रिल, ईस्टर
क.च्या आईचा फोन, शुभेच्छांचा. म्हणाल्या, पोरगा पूर्वीसारखा देवाचा राहिला नाही हो. तो बरा होतोय, असं त्यानंच त्यांना सांगायला हवं. मी फक्त शुभेच्छा दिल्या.

२१ एप्रिल
पोप फ्रान्सिस गेले. ८८ वर्षांचे. कालच चौकात माणसांमधून गाडीनं फिरले होते.
दिवसभर एकच आठवत राहिलं. २०१७ च्या पुस्तकात त्यांनी स्वतःच सांगितलं होतं, बेचाळिसाव्या वर्षी सहा महिने, आठवड्यातून एकदा, एका मनोविश्लेषक बाईंकडे जात होते. काही गोष्टी स्पष्ट व्हाव्यात म्हणून. बाई ज्यू. पुढे स्वतःच्या मरणाआधी त्याच बाईंनी त्यांना बोलावलं. संस्कारासाठी नाही, मनातलं बोलायला.
संध्याकाळी एक आजोबा आले. मुलीनं ओढून आणलेले. म्हणाले, मानसोपचार आपल्यासाठी नाही, आपण श्रद्धावान. ही हकिगत सांगितली. बसले.

२९ एप्रिल
संमतीपत्र नव्यानं लिहिलं. मजकूर: इथे कोणत्याही धर्माचं माणूस येऊ शकतं. समुपदेशक स्वतःहून प्रार्थना, बायबल किंवा ध्यान सुचवणार नाही. तुम्हाला हवं असेल तर सांगा, आणि नको झालं की त्याच क्षणी थांबवा. धर्मगुरूंशी बोलायचं झाल्यास आधी तुमची लेखी परवानगी. डॉक्टरांनी दिलेलं औषध फक्त डॉक्टरच बदलतील.

३० एप्रिल
धर्मग्राम परिषदेला पत्र दिलं. प्रार्थना-शिबिरांच्या प्रत्येक पत्रकावर दोन ओळी छापा, आणि मिस्सेनंतरच्या सूचनांत वाचा: प्रार्थनेसाठी कुणीही गोळी बंद करू नये. जगणं नकोसं वाटत असेल तर १४४१६ वर फोन करा. टेलिमानस, सरकारी सेवा, मोफत, दिवसरात्र, मराठीतही.