मोरीच्या पाण्यावरची भाजी

भगिनींनो, आपल्या घरी चार एकर सोयाबीन असते, दोन एकर कापूस असतो. पण कोथिंबिरीच्या काडीसाठी आठवडी बाजाराची वाट पाहावी लागते. बाजारची भाजी तीन दिवस पुरते. पुढे वरण आणि भाकरी. शेवटी जेवायला बसणाऱ्या बाईच्या ताटात काय उरते, ते तुम्हाला सांगायला नको.

आमच्या सूनबाईला दिवस गेले, तेव्हा तपासणीत रक्त कमी निघाले. गोळ्या मिळाल्या. रोज पालेभाजी खायलाही सांगितले. पण उन्हाळा तोंडावर आणि विहिरीने तळ गाठलेला! मोरीतून मात्र रोज दहा-बारा घागरी पाणी वाहून जात होते.

त्या पाण्याचे आम्ही दोन भाग केले. साबण-सोड्याचे पाणी चर खणून केळी आणि अळूकडे वळवले. डाळ-तांदूळ, भाज्या धुतलेले पाणी बादलीत साठवून वाफ्यांना घातले. उन्हात मेथी तग धरत नाही, म्हणून माठ आणि राजगिरा पेरला. तीन वाफे, दर दहा दिवसांनी एक. महिन्याच्या आत पहिली भाजी ताटात आली. भाजीवर लिंबू पिळा. त्यातले लोह अंगी लागते. जेवणावर लगेच चहा मात्र नको.

"एवढ्याशा जागेत काय पिकणार?" असे यजमान म्हणत. पुढच्या तपासणीत सूनबाईचे रक्त वाढले. गोळ्यांचे श्रेय गोळ्यांना. पण मृग लागताच यजमानांनी आपणहून गोठ्यावर दोडक्याचा वेल चढवला आणि कुंपणाला शेवग्याचे फाटे रोवले. शेवगा कमरेएवढा झाला की शेंडा खुडावा, म्हणजे फांद्या फुटतात आणि शेंगा हाताशी येतात. शेरडांना अडवायला करवंदाची जाळी लावा. काटे राखण करतात, फळे मुले खातात. अंगणाला शोभा येते ती वेगळीच.

बियाणे घरचेच धरा. पहिला जोमदार दोडका वेलावरच वाळू द्या, आत बी खुळखुळले की काढा आणि राखेत ठेवा. अकोले तालुक्यातील कोंभाळण्याच्या राहीबाई पोपेरे यांनी अशीच देशी वाणांची बियाणी जपली. त्यांना २०२० सालची पद्मश्री मिळाली.

तेव्हा भगिनींनो, आज भांडी घासताना मोरीचे पाणी कुठे जाते ते पाहा. तिथेच पहिला वाफा करा.